माझ्यावर केस करणारे बाबूजी

“रीतीनं होऊ द्या,” असं म्हणत बाबूजींनी चष्मा कपाळावर सरकवला, की समजायचं, फाईल परत येणार. साकोलीच्या आमच्या सरकारी कचेरीत ते सगळ्यांत जुने कारकून. सत्तरच्या दशकात मी नोकरीला लागलो तेव्हा टिपणी कशी लिहायची हे त्यांनीच शिकवलं. प्रश्न ते साहेबांनाही विचारायचे. हा खर्च कोणत्या नियमात बसतो, ही बदली कोणत्या आदेशानं झाली. असा माणूस तुम्हीही पाहिला असेल. तो रजेवर गेलेलाच साहेबांना बरा वाटतो.

हेडक्लार्कची जागा रिकामी झाली. ती बाबूजींचीच, असं सगळे धरून चालले होते. आदेश आला तो माझ्या नावाचा. कारण दिलं होतं, गुणवत्ता. मी त्यांच्यापेक्षा कितीतरी कनिष्ठ. आनंद तर झाला होता, पण त्यांच्याकडे बघवेना.

तेच माझ्या टेबलाशी आले.

“अभिनंदन, भाऊ. कामाले चांगला हायेस तू. पन मी हायकोर्टात चाललो. तुले बी पार्टी कराव लागते, राग नोको मानू.”

“माझं काय चुकलं, बाबूजी?”

“तुयं काईच नाही चुकलं. माह्यी गुणवत्ता कमी भरली म्हणतेत. कोनं मोजली, कायनं मोजली, एवढंच मले इचारायचं हाय.”

असा मी एकाच वेळी त्यांचा वरिष्ठ झालो आणि प्रतिवादीही. तारखेला जायचं तर रजेचा अर्ज ते माझ्याच हाती द्यायचे. कारणाच्या जागी लिहिलेलं असे, ‘आपल्याविरुद्धच्या याचिकेसाठी नागपूरला जाणे.’ मी शिफारस करून तो साहेबांकडे पाठवायचो, सोबत माझाही अर्ज. मग आम्ही दोघं एकाच एस.टी.नं निघायचो. खिडकीची जागा बाबूजी दुपट्टा टाकून माझ्यासाठी धरायचे, कारण मला गाडी लागायची.

डबा त्यांच्या घरून काकू द्यायच्या, दोघांचा. एकदा कोर्टाच्या व्हरांड्यात आम्ही जेवत असताना त्यांचे वकील आले आणि बाबूजींना बाजूला घेऊन रागावले. विरुद्ध बाजूच्या माणसाबरोबर असं बसतात का?

बाबूजी म्हणाले, “भांडन सरकारसंग हाय, वकीलसाहेब. भूक तं दोघायलेही लागते.”

शेवटच्या सुनावणीला सरकारी वकिलांनी गोपनीय अहवाल वाचून दाखवले. बाबूजींच्या अहवालात एका जुन्या साहेबांनी लिहून ठेवलं होतं, ‘प्रश्न फार विचारतो.’ तेवढ्यावरून त्यांची गुणवत्ता घसरली होती. न्यायाधीशांनी विचारलं, हा शेरा यांना कळवला होता का? सरकारी वकील बराच वेळ पानं उलटत राहिले.

बाबूजी माझ्या कानाशी वाकले. “पन लिवलं तं बराबर हाय.”

मला हसू आवरेना. चपराशानं डोळे वटारले.

निकाल बाबूजींच्या बाजूनं लागला. जो शेरा माणसाला कधी कळवलाच नाही, तो त्याच्याविरुद्ध धरता येणार नाही. निवड पुन्हा करा. ती झाली, बाबूजी हेडक्लार्क झाले आणि मी जुन्या टेबलावर परत आलो. खोटं कशाला सांगू, मला वाईट वाटलं. सासुरवाडीपर्यंत पेढे पोचले होते. काही दिवस मी त्यांच्याशी कामापुरतंच बोललो. त्यांनीही छेडलं नाही.

मग एका सकाळी त्यांनी माझी खुर्ची आपल्या खुर्चीशेजारी ओढून घेतली.

“इथं बस. मी आता काही दिसाचा पावना. तोवर सारं काम पाहून घे. पुढच्या टायमाले कोनी कोर्टात गेला तं तुयी बाजू पक्की पायजे.”

ते निवृत्त झाले तेव्हा जागा माझ्याकडे आली, आणि कोणी कोर्टात गेलं नाही. बाबूजी आपल्या गावी, एकोडीला, धानाच्या शेतीत रमले. पण बाजाराच्या दिवशी पिशवी घेऊन कचेरीत यायचे, माझ्यासमोर बसायचे, चहा घ्यायचे आणि विचारायचे, “हा आदेश कोन्या नियमानं काढला, भाऊ?” मी नियम काढून दाखवला की खूश होऊन जायचे. सापडला नाही की जास्तच खूश.

एका हिवाळ्यात ते गेल्याचा निरोप आला. तेरवीला मी एकोडीला गेलो. अंगणात पंगत बसत होती. त्यांच्या कोण्या नातेवाइकानं विचारलं, “तुमी कोन जी?”

ओसरीत बसलेल्या काकूंनीच उत्तर दिलं.

“त्याले घरच्या मानसाइत बसवा. यांच्यासंग नागपूरले जात होता तो.”