जोनबाईंचं हळदीकुंकू

जोनबाई आमच्या कुरुंद्यात आल्या आणि दुसऱ्याच दिवशी त्यांनी सगळ्या बायकांना नाराज केलं. हळदीच्या कामाची फिल्म काढायला लंडनहून गोरी बाई येणार म्हटल्यावर बायका ठेवणीतल्या साड्या नेसून हळद शिजवायच्या कुकरपाशी उभ्या होत्या. बाईंनी कॅमेरा काढलाच नाही. पिशवी उशाला घेऊन लिंबाखाली चक्क आडव्या झाल्या. जरीचे पदर सांभाळून कंटाळल्यावर बायका घरी जाऊन रोजच्या साड्या नेसून आल्या, तेव्हा कुठे बाई उठल्या.

मी गावातल्या शाळेत इंग्रजी शिकवते, म्हणून दुभाष्याचं काम माझ्या गळ्यात पडलं. जोनबाई सत्तरीच्या. विशीत त्या लंडनच्या एका स्टुडिओत फिल्मचे तुकडे चिकटवायच्या कामाला लागल्या. कॅमेरा मागितला तेव्हा साहेब म्हणाला, बाईमाणसाला पेलणार नाही. यांनी जुनापुराणा कॅमेरा स्वतःच विकत घेतला आणि जन्मभर मासळी साफ करणाऱ्या, कोळसा निवडणाऱ्या, कापड विणणाऱ्या बायकांच्या फिल्मा काढल्या. नेम एकच, कुणालाही 'पुन्हा करा' म्हणायचं नाही. एखादं दृश्य हुकलं म्हणून मी वैतागले की त्या आमच्याच मराठीत म्हणत, "परत केलं तर नाटक होऊन राहिलं, मॅडम." 'काहून' हा शब्द तर त्यांना इतका आवडला होता, की शेळीलासुद्धा "काहून?" म्हणून विचारायच्या.

या नेमापायीच फिल्म अडली. बाकी सगळं काढून झालं, शेवट मिळेना. शेवटाशिवाय फिल्म घेणार नाही, असं फिल्म घेणाऱ्या लंडनच्या कंपनीनं फोनवर बजावलेलं. गुडघे इतके दुखत, की यानंतर आपल्याच्यानं फिल्म होणार नाही हे बाईंना ठाऊक होतं. आणि परतीचं विमान दोन दिवसांवर आलेलं.

अशात रथसप्तमीला प्रयागकाकूंकडे हळदीकुंकू होतं. आम्ही फिल्म काढत होतो ते शेत काकूंचंच. काकूंनी बाईंना दारातच दटावलं, "आज पाव्हनी म्हनून या. ते डबडं ठिवा भाईर." कॅमेरा ओसरीवरच्या बाजेवर राहिला. काकूंनी बाईंना हळदकुंकू लावलं, तिळगूळ दिला, आणि बायकांनी गलका केला, "नाव घ्या, नाव घ्या!" नवऱ्याचं नाव घ्यायचं असतं, हे मी समजावलं.

बाई हसून म्हणाल्या, "जॉर्ज. चांगला होता. वारला."

 काकूंच्या हातातली हळदकुंकवाची कोयरी हातातच राहिली. तेवढ्यात उंबऱ्याबाहेर बसलेली गंगाबाई बोलली. काकूंची हळद दरसाल तीच शिजवते, हात कोपरापर्यंत पिवळे असतात, पण नवरा गेल्यापासून कपाळ मोकळं. "काकू, गोऱ्या इधवेला लावलं, मंग म्या काय घोडं मारलं तुमचं?"

 काकूंनी बाईंच्या कपाळाकडे पाहिलं, मग गंगाबाईकडे. "ये, बस म्होरं," म्हणाल्या आणि त्यांनी तिला बोटभर हळद अन् टपोरं कुंकू लावलं. गंगाबाई लाजून हसली, मग सगळ्याच हसल्या. माझे मात्र डोळे भरून आले.

फिल्मला हवा होता तो शेवट समोर घडून गेला होता आणि कॅमेरा बाहेर बाजेवर होता. बाईंचं लक्ष सारखं दाराकडे जात होतं. गंगाबाईच्या ते ध्यानात आलं.

"आना बाई तुमचा कॅमेरा," ती उठून म्हणाली. "म्या कपाळ पुसते. काकू लावतील पुन्यांदा." पदर कपाळाकडे गेलासुद्धा.

जोनबाईंनी झटकन तिचा हात धरला. "नको, गंगाबाई. पुसायचं नाही."

लंडनवाल्यांनी फिल्म घेतली नाही. बाईंनी एक प्रत आमच्या शाळेला पाठवली, ती आम्ही पडदा लावून गावाला दाखवली. उन्हात वाळणाऱ्या हळदीवर ती मध्येच संपते. गंगाबाईला म्हटलं, "शेवट राहिलाच की गं."

"राहू द्या," ती म्हणाली. "तिला म्हनावं, पुढल्या साली ये. काही काढायला नको. नुसती बसायला ये."