आमच्या भासऱ्यांचा बाजार

चामोर्शीच्या आठवडी बाजारात साक्षात देव उतरला असता, तरी माझ्या भासऱ्यांनी पाया पडायच्या आधी त्याला विचारलं असतं, "घ्याले आले का इकाले?" भासरे म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ. त्यांना दुकान नव्हतं, शाळा त्यांनी बाहेरूनच पाहिलेली, आणि धंदा आमच्या घरात सगळ्यांचा एकच, तलावातले मासे अन् शिंगाडा. पण वस्तूचा भाव चढतो कशाने आणि पडतो कशाने, याचा त्यांना असा नाद होता की दुसऱ्या कोणाला तो तमाशाचाही नसेल. मी चौथीपर्यंत शिकले. शाळेत बेरीज शिकवली, वजाबाकी शिकवली, पण कालचं वांगं आज निम्म्या भावाने का जातं, हे कोणत्याच मास्तरने सांगितलं नाही. ते मला भासऱ्यांमुळे कळलं.

बाजारात गेले की ते आधी टोपली उघडायचेच नाहीत. गावाबाहेरच्या ओढ्याशी उभे राहून येणाऱ्या बैलगाड्या मोजायचे. कोणत्या गाडीत काय, किती, कोणत्या गावचं, सगळं बघून मग हात हलवत बाजारभर एक फेरी. एकदा एक माळीण वांग्यांचा भाव सोडायला तयार नव्हती. भासरे तिच्यासमोर उकिडवे बसले आणि म्हणाले, "बाई, तुह्या वांग्याचा भाव तू नाई ठरवत. तो ओढ्यापलीकडून येऊन राह्यला, चार गाड्या हायेत." बाई म्हणाली, "चाल हट, मोठा आला जोशी!" अर्ध्या तासात चार गाड्या वांगी बाजारात उतरली. माळणीला वाटलं, या माणसाला काहीतरी वश आहे. पुढच्या बाजारी तिने त्यांना नारळ आणून दिला. भासऱ्यांनी तो तिथल्या तिथे विकला, कारण त्या दिवशी बाजारात नारळ कमी होते.

जंगलातल्या गावांतून बायका चारोळी घेऊन यायच्या आणि व्यापारी त्यांना मापाला माप मीठ द्यायचा. हे पाहिलं की भासऱ्यांच्या अंगाची आग व्हायची. "थांबा वो, दुसरा व्यापारी येऊ द्या," असं ते प्रत्येकीला सांगत फिरायचे. "एकच व्यापारी असला तर तो देव होते. दोन असले की दोघंही माणसं होतात!" एका व्यापाऱ्याने यावर त्यांना चप्पल फेकून मारली. भासऱ्यांनी ती उचलून पाहिली आणि म्हणाले, "दुसरी बी फेक, एकीले गिऱ्हाईक नाई."

पोरीचं लग्नही त्यांनी याच डोक्याने केलं. चांगल्या मुहूर्ताला पाच गावांत पाच लग्नं, म्हणजे वाजंत्री महाग. मग त्यांनी भटजींच्या मागे लागून असा मुहूर्त काढला की त्या दिवशी साऱ्या परगण्यात दुसरं लग्नच नाही. वाजंत्रीवाले पायलीभर तांदळावर आले. पुढे कुठे जायचं नसल्याने ते दोन दिवस हललेच नाहीत आणि पायलीच्या जागी पोतं खाऊन गेले. जाऊबाई पुढे कितीतरी वर्षं त्या पोत्याचा विषय काढायच्या.

आता मला हे सारं त्यांनी शिकवलं कसं, ते सांगते. आमच्याकडे सुनेने भासऱ्यांशी बोलायचं नसतं. डोक्यावर पदर, मान खाली, आणि काम असलं तर मधे तिसरं माणूस. तिसरं माणूस नसलं की भासरे ओसरीतल्या खांबाशी बोलायचे. "खांबा, आइक. शिंगाडा कार्तिकात सारेच काढतात, म्हणून कार्तिकात तो माती. उकड, फोड, वाळव, अन् दाबून ठेव. शिवरातीले मार्कंड्याच्या जत्रेत सारा मुलुख उपाशी असते. तवा काढ!" मी आत चुलीशी बसून ऐकायची. खांबाला ऐकू जावं म्हणून ते मोठ्याने बोलायचे. किती मोठ्याने, हे मला पुढे कळलं.

स्वराज्य येऊन सात-आठ वर्षं झाली असतील. त्या वर्षी माझ्या नवऱ्याला हिवताप लागला. दिवाळीपासून खाटेवर. जाळं टाकायला माणूस नाही, घरात धान सरत आलेलं. शिंगाडा तेवढा मी स्वतः कमरेभर पाण्यात उतरून काढला होता, हाताची बोटं काट्यांनी चाळण झाली होती. मिळेल त्या भावाने तेव्हाच विकला असता. पण खांबाला सांगितलेलं मी मनावर घेतलं आणि दोन मोठ्या टोपल्या वाळवून ठेवल्या. पावसाळाभर आमच्या घरात भात शिजणार की नाही, ते त्या दोन टोपल्यांवर होतं.

शिवरात्रीला पहाटेच बैलगाडी जुंपून निघालो. माझ्या दोन टोपल्या, भासऱ्यांची तीन पोती, जाऊबाई आणि मी. मार्कंड्याला नदीच्या वाळूत पोचलो, आणि बघते तर काय! आमच्या गल्लीतली प्रत्येक बाई तिथे पदर खोचून बसलेली, आणि प्रत्येकीपुढे वाळलेला शिंगाडा! मागच्या गल्लीतल्या होत्या. तलावापलीकडच्याही होत्या. वाळूवर शिंगाड्याचे ढीगच ढीग. एक म्हातारी भासऱ्यांना बघून आनंदाने ओरडली, "बरं झालं भाऊ तुमी सांगतलं! आमी साऱ्यांनी दाबून ठेवला!"

भासऱ्यांचं तोंड मी त्या दिवशी पहिल्यांदा नीट पाहिलं, कारण पदर सावरायचं मला भान राहिलं नव्हतं. सगळ्यांना एकच शहाणपण कळलं की त्याला भाव राहत नाही, हे त्यांनी खांबाला कधी सांगितलं नव्हतं. त्यांना स्वतःलाच ते आत्ता कळत होतं. यात्रेकरू येत होते, गर हातात घेऊन बघत होते, टाकून पुढे जात होते. दगडासारखा गर, तो वाळूत बसून खायचा कसा? पीठ हवं होतं त्यांना. पण तयार पीठ कोणी घेईना. त्यात तांदूळ मिसळला असला तर उपास मोडायचा.

खाटेवरचा माणूस डोळ्यांपुढे आला. मी सरळ म्हटलं, "भाऊ, जातं आना."

जाऊबाईंनी तोंडावर हात ठेवला. भासरे बैलाकडे वळले आणि म्हणाले, "अरे बैला, पीठ घेत नाई रे कोणी. भरवसा नाई."

"त्यायच्या डोळ्यादेखत दळतो मी," मी म्हटलं.

बैल काय बोलणार? भासरे मात्र टुणकन उडाले! धोतर खोचलं आणि गावात धावत गेले. कोणाच्या घरातून आणलं देवाला ठाऊक, पण जातं आणलं, एक दगड डोक्यावर, दुसरा खांद्यावर. जाऊबाई गर ठेचायच्या, मी दळायची, आणि भासरे साऱ्या वाळूवर ऐकू जाईल असे ओरडायचे, "उपासाचं पीठ! डोळ्यासमोर दळून! भरवसा घरी न्या!" लोकांची रांग लागली. कोणी पैसे दिले, कोणी धान मापून दिलं. एक बाई म्हणाली, "जरा बारीक दळ वो." भासरे म्हणाले, "बारीक पायजे तर रांगेत मांगं जा." ती खरंच मागे गेली! माझे हात भरून आले, पण मी थांबले नाही. उन्हं कलायच्या आत दोन्ही टोपल्या रिकाम्या झाल्या आणि गाडीत धान भरलं.

तोवर गल्लीतल्या बायकांनीही गावातून जाती मिळवली होती. वाळूभर घरघर सुरू झाली आणि पिठाचा भाव पडला. भासऱ्यांची तीन पोती तशीच परत आली. गाडीत बसून मी मनातल्या मनात हसले. एवढा बाजाराचा जाणता, आणि वेळेवर स्वतःचं पोतं सोडायला विसरला!

हे मी कितीतरी वर्षं सांगत आणि हसत होते. भासरे गेले, त्यांच्या तेराव्यानंतर मी ते पुन्हा सांगितलं. तेव्हा जाऊबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "इसरले नव्हते वो ते. मले कानात म्हनले होते, आपल्या पोत्याले हात लावू नोको. दोघांचा माल एकदम काढला तर तिचा भाव पडते. तिचं पयले सरू दे."

माझ्या माणसाला उठून बसायला आषाढ लागला. त्या आषाढात रोज त्याच्या ताटात गरम भात होता. पलीकडे भासऱ्यांच्या चुलीवर, उपास असो की नसो, महिनाभर शिंगाड्याच्या भाकरी थापल्या जात होत्या. मी एकदा जाऊबाईंना विचारलंही होतं, रोज हेच काऊन खाता म्हणून. आतून भासरेच बोलले, "चव लागली."