उतरायच्या दारात ठेवलेली बुटं

भुताखेताला भिनारा मानूस मी न्हाई, राहुरी तालुक्यात कुनालाबी इचारा. फक्त सांजच्याला दुकानामागच्या गोडाऊनमधून पेंडीचं पोतं आनायचं झालं, तर मी मोबाईलवर भजन लावून जातो... ते पन फुल आवाजात.

मंडळी, ह्या ग्रुपवर मी कवापासून हाय. वाचत न्हाई, शाळा तिसरीत सुटली. मोबाईल वाचून दाखवतो, मी ऐकतो. पोरानं तशी सोय करून दिलीय. पोरगा नगरजवळ नागापूरला कंपनीत, रविवारी येतो, जमलं तर. तवा बाकीचे सहा दिवस तुमच्या हडळी आन् मुंजे हेच माझ्या घरचे पाहुने. लई हसलोय तुमाला. असलं काय नसतंय, ह्या मताचा मी. आज मीच मोबाईलमधी बोलून टाकतोय. त्यो लिवतोय, चुकलं तर त्याला धरा.

माझं पशुखाद्याचं दुकान हाय. वर्षात ठरली तेवढी पोती खपवली की कंपनी डीलर लोकांना फिरायला नेती, जोडप्यानं. पयल्या खेपेला मला दुबई लागली. दोन तिकिटं. मी मंदाला म्हनलं, तू आलीस तर गाईंची धार कोन काढनार? आन् दुसऱ्या तिकिटावर माझ्या एका दोस्ताला घिऊन गेलो. यादीत जितं सौ. लिवायचं तितं त्यो मिशावाला बसला. लोकं हसली, मी बी हसलो. मंदानं दोघांना पुरतील एवढे धपाटे बांधून दिलते.

परत आल्यावर तिनं एकच इचारलं. तिथं डोंगर हुता का?

म्हनलं न्हाई, नुसती वाळू. मंग बरं झालं म्हनली, आन् धपाट्याचं फडकं धुवायला घेतलं.

तिचं माहेर भंडारदऱ्याकडचं. डोंगरातली बाई. आमच्याकडं कॅनॉल आन् ऊस, सगळं सपाट. उंच बघायचं म्हनलं तर उसाची ट्रॉली. सव्वीस वर्षं तिनं ट्रॉल्याच बघितल्या.

दुसऱ्या खेपेला व्हिएतनाम लागलं. कंपनीच्या साहेबांनी दुकानात येऊन मोबाईलवर फोटो दावला. पांढऱ्या दगडाचा डोंगर, त्याच्यावर देवळं, पोटात गुहा. मंदानं लांबनं बघितलं, मंग जवळ येऊन बघितलं. दुसऱ्या दिवशी ठेवनीतली साडी नेसून पासपोर्टच्या फोटोला गेली. मला म्हनली सुदिक न्हाई, येऊ का म्हनून.

साधा ताप म्हनता म्हनता गेली. पासपोर्ट पोस्टानं आला तवा तिचा दहावा होऊन आठ दिस झालते.

साहेब म्हनले, दुसरं तिकीट हाय, कुनाला आनायचं तर आना. म्हनलं नको. गाई तर मी इकूनच टाकल्या हुत्या. आता धार काढायची पन अडचन ऱ्हायली न्हवती.

तर गेलो. तेरा जोडपी आन् मी. बसमधी माझ्या शेजारच्या शिटावर चिवड्याची पिशवी.

गाव दानांग. समुद्राजवळ सपाट जमिनीवर पाच डोंगर, जनू कुनी पोती उतरवून ठिवलीत. पंचमहाभूतांसारखी त्यांची नावं हायेत म्हने. गाईड तिथलाच पोरगा, नाव तुआन. आमच्या लोकांनी बसमधीच त्याचा तुकाराम केला. त्यो इंग्लिशमधी बोलायचा, साहेब त्यातलं अर्धं मराठीत सांगायचे. लोकं हसली की मी बी हसायचो. त्या हसन्या-हसन्यात तुकारामानं एक कामाची गोष्ट सांगितली हुती — एका बाजूनं चढायचंय आन् दुसऱ्या बाजूनं उतरायचंय, बस तिकडं यील. मी त्याच्यावर सगळ्यात जोरात हसलो.

आता बुटांचं ऐका. जन्मभर चप्पल घातलेला मानूस मी, ह्या टूरसाठी नगरात जाऊन स्पोर्टचे बूट घेतले. डाव्या बुटाची नाडी विमानतळावरच तुटली. मंग खिशात पोत्याच्या शिलाईचा दोरा हुता, त्योच ववला. आमच्या धंद्यात खिशात दोरा असतोच.

आपल्याकडं डोंगरावर देव आसला की पायताण पायथ्याला काढायचं. मी काढलं. तुकाराम मान हलवून वर बोट दावत हुता, वर देवळाच्या दारात काढा म्हनून. मला वाटलं देव वर हाय म्हनतोय. मी हात जोडले.

आन् दुसरं, जत्रंत माझी कोरी चप्पल एकदा गेली, तवापासून परक्या गर्दीत मी जोड कधी एका जागी ठिवत न्हाई. एक पाय हितं, एक तिथं. चोराला एकच घावला तर त्यो नेऊन करनार काय? म्हनून उजवा बूट दगडी सिंहाच्या मागं सारला, दोन्ही मोजे त्यातच कोंबले. डावा पार पलीकडं, झाडाच्या मोठ्या कुंडीमागं. कुनाला दावला न्हाई. व्हिएतनामात माझे दहा नंबरचे बूट कुनाच्या पायाला व्हनार, हा इचार डोस्क्यात आलाच न्हाई.

वर उन्हानं फरशी तापलेली. सगळी बुटात, मी एकटा कोंबड्यासारखा एक पाय वर एक पाय खाली. जागोजागी देवळं, उदबत्त्यांचा धूर, गोऱ्या गुलाबी गालाचे देव. जोडपी फोटो काढत हुती. काका, आमचा एक काढा की. काढला. संगमनेरच्या डीलरचा काढला, श्रीगोंद्याच्याचा काढला. तेराच्या तेरा जोडप्यांचा काढला. माझ्या मोबाईलमधी नुसते डोंगराचे हायेत, मानूस एक न्हाई त्यात.

मंग ती मोठी गुहा. अंधारातनं पायऱ्या खाली उतरत्यात, आन् खाली गेलं की एकदम उंच, आपल्या शुगर फॅक्टरीच्या गोडाऊनएवढी. छताला भोकं. त्यातनं ऊन खाली सरळ पडतंय, धूर त्यात हळू फिरतोय. वर भिंतीत बुद्ध बसलेला.

पायऱ्यांवर वल हुती. मी सवयीनं सगळ्यांच्या पुढं. आमच्याकडं बायकोच्या दहा पावलं पुढं चालायचं, मागं बघायचं न्हाई, अशी चाल. शेवटच्या पायरीला पाय सटकला, आन् मी मागं न बघताच हात मागं केला आन् मोठ्यानं म्हनलो, "मंदे, धर. शेवाळ हाय."

मागं संगमनेरवाल्याची बायको. बिचारी थिजली. गुहेत आवाज घुमला. मी म्हनलं, ताई, तुमाला न्हाई वो, शेवाळ काढा म्हनून आमच्या ग्रामपंचायतीला सांगत हुतो. कुनी हसलं न्हाई. माझ्या आख्ख्या टूरमधला तेवढाच जोक वाया गेला.

खरं सांगतो, ती जिती आसताना मी एकदा पन मागं हात केला न्हवता.

मंग मी कडंला दगडावर बसलो. मनातल्या मनात तिला म्हनलं, बघ, हितं डोंगर हाय. आन् एक इचारलं. दुबईचं मनात ठिवून गेलीस का? राग आसंल तर तसं कळू दे, नसंल तर तसं. मला तेवढंच पायजे हुतं. व्हिएतनाम घालवा तिकडं, मी तेवढं इचारायला गेल्तो. जवाब कसला येतोय. एक वटवाघूळ उडालं आन् मी दचकून उठलो.

उतरलो. खाली आल्यावर बघतो तर सिंह न्हाई, कुंडी न्हाई. बस मातूर उभी. तवा कळलं मी कशावर हसलो हुतो. साहेबांनी कपाळाला हात लावला. श्रीगोंदेवाला म्हनला, काका, तुमची गाडी लावली नगरला आन् उतरलात शिर्डीला. सगळ्यांची करमनूक झाली.

आन् तवा मला दिसलं. उतरायच्या दाराच्या आतल्या अंगाला दगडी पायरी हाय. तिच्यावर माझे बूट. दोन्ही. शेजारी शेजारी, टोकं रस्त्याकडं, म्हंजी मानसानं उतरत यावं आन् सरळ पाय घालावा असे. दोन्हीत एक-एक मोजा, घडी घालून.

मी म्हनलं दुसऱ्याचे आसतील. डावा उचलला. पोत्याचा दोरा. गाठ माझीच.

साहेब म्हनले, झाडनाऱ्या बाईनं आनून ठिवले आसतील. दाराशीच एक बाई उदबत्त्या इकत हुती, तुकारामानं तिला इचारलं. ती म्हनली, म्या आत्ता ही पायरी झाडली, तवा हितं काय न्हवतं, आन् कुनी आलेलं पन म्या बघितलं न्हाई. तिचं तुकारामाला, त्याचं साहेबाला, साहेबाचं मला. वाटंत काय सांडलं आसंल ते देव जाने. जाताना बस चढायच्या दारावरनंच गेली, मी हट्टानं थांबवली. सिंहामागं बघितलं, कुंडीमागं बघितलं. काय न्हवतं.

आता तुमी म्हनाल, बुटं घावली तर घावली, येवढं काय त्यात. तर ऐका. मी गावात कुठं बी गेलो, देवळात, लग्नात, कुनाच्या घरी, पायताण उंबऱ्याशी उडवून आत जायचो. एक हिकडं, एक उलटी. भाईर आलो की जोडीनं सरळ ठिवलेली आसायची, टोकं रस्त्याकडं. पाय घालायचा आन् चालायला लागायचं. सव्वीस वर्षं मला वाटायचं, ती अशीच ऱ्हात्यात. मंदाच्या तेराव्याला पाहुन्यांना वाटंला लावायला भाईर आलो, तर एक चप्पल उलटी पडलेली आन् दुसरी तुळशीपाशी. तवा कळलं कोन ठिवायचं. त्या दिवशी चप्पल शोधता शोधता मी लई रडलो. लोकांना वाटलं बायकोसाठी रडतोय. बरोबरच वाटलं त्यांना.

बसमधी मी शेजारच्या शिटावरची चिवड्याची पिशवी उचलली आन् मांडीवर घेतली. हाटेल येस्तोवर शीट मोकळं ठिवलं. खिडकीकडचं.

घरी आल्यावर लई जनांना इचारलं. पोरगा म्हनला, पप्पा, तुमीच हातात घेऊन हिंडला आसाल. पन तेरा जोडप्यांनी मला मोकळ्या हातानं अनवानी नाचताना बघितलंय. दोस्त म्हनला, सीसीटीव्ही मागायचा. साहेबांचा जवाब अजून झाडनारी बाईच. सगळं मी मनात फिरवून बघितलं, एक पन जागंवर बसत न्हाई. दोन बूट दोन जागी, डोंगराच्या त्या अंगाला, मला सोडून कुनाला ठावं न्हाई... आन् मी उतरायच्या आदी ते ह्या अंगाला. मला त्याचा उलगडा झालेला न्हाई, व्हईल आसं वाटत न्हाई.

पन मनातनं मी खुश हुतो. म्हनलं, जवाब आला. राग न्हाई तिचा. राग आसता तर बूट सरळ कशाला ठिवले आसते? हे कुनाच्या तरी तोंडून ऐकायचं हुतं. म्हनून भंडारदऱ्याला मेव्हनीकडं गेलो, मंदाची धाकली भन, लता. तिच्यासाठी तिथल्या पांढऱ्या दगडाचा बारका हत्ती नेला हुता. ती अंगनात हिरडा वाळत घालीत हुती. समूर डोंगर. मी उंबऱ्यावर बसून सगळं सांगितलं, दुबईपासनं. गुहेतलं पन सांगितलं. ती हिरडा पसरत ऱ्हायली. माझं संपलं. मी वाट बघत बसलो, आता म्हनंल, दाजी, आक्काचा राग न्हाई तुमच्यावर.

लतानं पदराला हात पुसले, हत्ती उलटा-पालटा करून बघितला आन् खाली ठिवला.

"दाजी," ती म्हनली, "येवढ्या लांब डोंगर बघायला नेलं तिला, आन् तिथं पन बुटंच उचलायला लावली व्हय तुमी?"