कागदावरचा पाऊस

“ती लहान होती हो तेव्हा, तिला काय आठवतंय!” आई बाहेरच्या खोलीत मालकांना सांगत होती. मी ओट्याशी उभी राहून ऐकत होते.

मालक म्हणजे आमच्या पडलेल्या बिल्डिंगचे. त्या जागेवर त्यांना नवीन बांधायची होती. आईने त्यांच्या कागदावर सही केली की आम्हाला तिथे खोली मिळणार होती. कागदावर लिहिलं होतं, ‘अतिवृष्टीमुळे इमारत कोसळली.’

बिल्डिंग पडली तेव्हा मी सात वर्षांची होते. खाली गाळ्यात कापड विणायचे लूम, वर आम्ही. फळीवरचे कप हादऱ्याने सरकत कडेला यायचे आणि ताई जाता-येता ते मागे ढकलायची. शाळेत इंग्रजी निबंधात मी लिहिलं, माझं घर हलतं. मिसने लाल पेनाने वाक्य खोडलं. घरं हलत नाहीत, म्हणाल्या. वर्ग हसला.

म्हणून खांबाचंही मी कुणाला सांगितलं नाही. नवीन रुंद लूम गाळ्यात मावेना, तेव्हा दोन माणसं घण घालून मधला खांब फोडत होती. मालक खुर्चीत बसून “जल्दी निपटाओ” म्हणत होते. जिन्यात मी दिसले तशी त्यांनी चॉकलेट दिलं. मी ते खाल्लं.

चौथ्या दिवशी बिल्डिंग पडली. मी शाळेत होते. ताई घरी होती.

भेटायला येणारा प्रत्येकजण माझ्या डोक्यावरून हात फिरवायचा. “ही वाचली, नशीब!” त्या हातांचा मला अजून राग येतो. मग माझ्यादेखत मोठी माणसं पाऊस वाढवत गेली. आधी म्हणे एक सर आली होती, मग रात्रभर कोसळत होता, आता अतिवृष्टी. कुणीही मला विचारलं नाही. आणि मीही गप्प बसले, हुशार, शांत मुलगी म्हणून.

“निसर्गापुढे कुणाचं काय चालतं, वहिनी? इथे करा सही,” बाहेर मालक म्हणाले.

आईने पेन घेतलं. बिल्डिंग पडल्यापासून टेमघरमधली ही आमची चौथी भाड्याची खोली. ती किती थकलीये, मला दिसतं. तरी मी बाहेर गेले आणि तिच्या हाताखालून कागद ओढला.

“अगं!” आई ओरडली.

मी मालकांकडे वळले.

“काका, त्या दिवशी कडक ऊन होतं. माझी ताई पावसाने नाही मेली. तुम्ही खांब फोडलात म्हणून मेली. आई सही करणार नाही.”