तिसरी घंटा अडवणारे अध्यक्ष

रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी अध्यक्ष मान वर करून बघत राहायचे. नव्या मुलांना वाटायचं, नटराजाचं स्मरण चाललंय. अध्यक्ष दिवे तपासत असायचे. दिव्यांना साखळ्या बांधल्यात का, खाली कोण उभं राहणार, हे पाहिल्याशिवाय त्यांच्या तोंडून पहिलं वाक्य निघत नसे. एका नाटकात ते न्यायाधीश होते आणि मी आरोपी. भर खटल्यात त्यांनी हातोडा आपटला आणि संहितेत नसलेला हुकूम सोडला, "आरोपीला भिंतीपाशी उभं करा. आत्ताच्या आत्ता." मी मुकाट्याने सरकले. माझ्या डोक्यावरचा दिवा लोंबकळत होता, हे मला अंक संपल्यावर कळलं. दिग्दर्शक मात्र वैतागले. "अहो, तुमच्यातला अध्यक्ष जरा घरी ठेवून येत जा," असं सगळ्यांदेखत म्हणाले.

आमच्या रंगकर्मींच्या संघटनेचे ते अध्यक्ष, म्हणून हे नाव. निवडणूक व्हायची, पण दुसरं कुणी उभंच राहत नसे. काम फुकटचं आणि बोलणी दोन्हीकडून. निर्माते त्यांना कामगारांचा माणूस म्हणत, पडद्यामागचे कामगार त्यांना निर्मात्यांचा मिंधा म्हणत. "दोघंही नाराज आहेत ना? मग माझं बरं चाललंय," असं म्हणून ते रंगभूषेच्या खुर्चीत डोळे मिटून पडायचे. इतका दमलेला माणूस मी दुसरा पाहिला नाही. बोलतानाही वाक्याच्या मध्येच थांबायचे, जिना चढताना थांबावं तसे.

त्यात वारज्याच्या जागेची भर. ज्यांचं कुणी उरलं नाही अशा म्हाताऱ्या कलावंतांसाठी त्यांनी तिथे एक फ्लॅट भाड्याने घेतला होता. तिथल्यांसाठी धान्य मिळवायला ते मार्केट यार्डात जायचे. मालिकांमध्ये मुलीच्या बापाची बारीकसारीक कामं करत असल्यामुळे चेहरा ओळखीचा. एकदा मीही बरोबर होते. एक हमाल निरखून बघत म्हणाला, "तुमी ते टीव्हीवरचं हाय ना? पोरीच्या लग्नात रडलेलं?"

"हो, तोच. आधी पोतं गाडीत टाका, मग फोटो काढू."

पोतं चढलं, फोटो झाला, आणि आम्ही परत निघालो. गाडीत ते म्हणाले, "लोकांसाठी दमतोच आहे. मला एकदा नट म्हणून दमायचंय हो."

ती संधी अगदी उशिरा आली. मुलांशी उभा दावा मांडलेल्या एका हट्टी म्हाताऱ्याची भूमिका होती. सबंध नाटक त्याच्याच खांद्यावर. मी त्यात त्यांची मुलगी. तालमीत ते असे काही उमलले की, आम्ही आपापली वाक्यं विसरून त्यांच्याकडेच बघत बसायचो.

पहिला प्रयोग पुण्यातच, दुपारचा होता. आमच्या बसचा ड्रायव्हर आधीचा दौरा आटोपून, रात्रभर गाडी हाकून सकाळी पोचला होता आणि प्रयोग संपताच त्यानेच आम्हाला एका जुन्या नाटकाच्या प्रयोगासाठी कोल्हापूरला न्यायचं असं ठरलेलं. अध्यक्षांनी सकाळीच दुसरा ड्रायव्हर मागितला. निर्माते "बघू" म्हणाले. दुसरी घंटा झाली, तरी कुणी काही बघितलं नव्हतं. तेव्हा म्हाताऱ्याचा कोट चढवलेले, मिशी लावलेले अध्यक्ष जाऊन घंटेच्या बटणासमोर उभे राहिले. "दुसरा ड्रायव्हर आल्याशिवाय तिसरी घंटा होणार नाही."

बाहेर प्रेक्षक टाळ्या पिटायला लागले. निर्माते लालबुंद झाले. "अहो, तुमचंच नाटक आहे हे!"

"माहीत आहे. म्हणून तर मी उभा आहे. दुसऱ्याचं अडवणं सोपं असतं."

वाघोलीहून दुसरा ड्रायव्हर आला, तेव्हा कुठे पडदा वर गेला. त्या दिवशी अध्यक्षांनी दिव्यांकडे पाहिलं नाही. त्यांनी जे काम केलं, तसं मी त्यानंतर कुणाचं पाहिलेलं नाही.

या नाटकाच्या पुढच्या प्रयोगाच्या जाहिरातीत त्यांच्या जागी दुसरं नाव होतं. 'प्रकृतीच्या कारणास्तव.' मी संतापून फोन केला, "अध्यक्ष, संघटनेतर्फे भांडा की!"

"माझ्याच भूमिकेसाठी मीच संघटना वापरू? मग उद्या दुसऱ्यासाठी कोणत्या तोंडाने जाऊ?" मग म्हणाले, "वाईट वाटतंय हो. फार वाईट वाटतंय." तसली भूमिका त्यांना पुन्हा मिळाली नाही.

अध्यक्ष गेले. हल्ली मी नाटकांपेक्षा शोकसभांनाच जास्त जाते आणि तिथली भाषणं मला तोंडपाठ झाली आहेत. या सभेतही अध्यक्ष कामगार नेते झाले, समाजसेवक झाले, दानशूरसुद्धा झाले. ते रंगमंचावर काम कसं करायचे, यावर कुणी अवाक्षर काढलं नाही. मला बोलायला सांगितलं, तर मी नुसती हात जोडून खाली बसले.

खुर्च्या रिकाम्या झाल्यावर वहिनी, म्हणजे त्यांच्या पत्नी, माझ्या शेजारी येऊन बसल्या.

"तुम्ही होतात ना हो, त्यांच्या त्या प्रयोगात?"

"होते. तुम्ही नव्हता आलात?"

"पहिला प्रयोग घरच्यांनी बघायचा नाही, असा त्यांचा नियम. म्हणाले, दोन-चार प्रयोग होऊ देत, नाटक बसू दे, मग तुला पहिल्या रांगेत बसवतो. त्या दुपारी वारज्याच्या एका आजोबांना दवाखान्यात डबा न्यायचा होता, तो घेऊन मी गेले."

"वहिनी, फार सुंदर काम केलं होतं त्यांनी," एवढंच मी म्हणाले.

"असं नको," त्या म्हणाल्या. त्यांनी पर्स मांडीवरून खाली ठेवली आणि खुर्ची माझ्याकडे वळवली. "पडदा वर गेल्यापासून सांगा. मला घाई नाही."