आधी वास, मग मत

"आधी वास, मग मत," असं म्हणताना ती उजव्या हाताचं बोट नाकाच्या शेंड्यावर ठेवायची, शाळेतल्या बाई मुलांना गप्प करताना ओठांवर ठेवतात तसं. आमच्या हॅरोच्या घरात वरच्या खोलीत ती चार वर्षं भाड्याने राहिली. तुम्ही दोघांनी तिला व्हिडिओ कॉलवर पाहिलंय. माझ्या मागून जाता जाता फळांच्या टोपलीतलं केळं उचलून हुंगणारी ती हीच. त्या दिवशी तुम्ही मेलबर्नमध्ये पोट धरून हसलात आणि विचारलंत, "आजी, ही कोण?" तेव्हा मी "वरची मावशी" एवढंच म्हणाले. ते उत्तर अपुरं होतं, म्हणून आता नीट लिहिते.

ती मूळची नागपूरची. एका बँकेत कॉम्प्युटरचं काम करायला लंडनला आली आणि इथलीच झाली. पंचेचाळिशी जवळ आली तेव्हा बँकेने तिची अख्खी टीमच बंद केली. बाकीचे लोक दुसऱ्या दिवसापासून अर्ज पाठवायला लागले. हिने साकेच्या वर्गात नाव घातलं. साके म्हणजे तांदळापासून केलेलं जपानी मद्य. ते कसं चाखायचं, कशाबरोबर खायचं-प्यायचं, हे शिकवणारे वर्ग लंडनमध्ये असतात, हे मलाही तेव्हाच कळलं.

"अगं, या वयात दारूचा अभ्यास?" मी म्हणाले.

"काकू, आधी वास, मग मत," म्हणत तिने एक छोटा पांढरा पेला माझ्या नाकाखाली धरला. त्याच्या तळाला दोन निळी वर्तुळं होती; त्यावरून साके किती नितळ आहे ते कळतं. मी मत तयारच ठेवलं होतं. पण नाकाला आला तो गरम भाताच्या कुकरचं झाकण काढल्याचा वास, आणि त्याच्यामागून खरबुजाचा. मत सांगायचं राहूनच गेलं.

प्यायले का, असं तुम्ही विचारणारच. चमचाभर. आणि गिळलं. ती मात्र कधीच गिळत नसे. तोंडात घ्यायची, गालात खेळवायची आणि शेजारच्या मगमध्ये थुंकायची. मला पिण्यापेक्षा त्या थुंकण्याचीच जास्त किळस आली. "चूळ भरून राहिली असं समजा न काकू," ती म्हणायची, "गिळलं तर सहाव्या पेल्याला मी काय सांगणार?"

ती दिवसभर वास गोळा करत असे. तिच्या खिडकीत बरण्यांची रांग होती: मेथी, आमसूल, वाळलेली मशरूम, ओला पुठ्ठा, भाजलेले तीळ. डोळे मिटून एकेक उघडायची आणि ओळखायची. एकदा जिन्यावरूनच ओरडली, "काकू, तांदूळ बदललात!" बदलला होता. आजोबांना आफ्टरशेव्ह बंद करावं लागलं. माझी सकाळची उदबत्ती जिन्यावरून थेट तिच्या खोलीत जायची, त्यावरून आमचं एकदा वाजलं. "देवाची उदबत्ती मी विझवणार नाही," मी सांगितलं. "विझवू नका, मी बाहेर जाते," ती म्हणाली आणि त्या दिवसापासून पूजा होईपर्यंत पार्कात फेऱ्या मारून यायची. पावसातसुद्धा. मला वाईट वाटायचं, पण उदबत्ती मी लावायचेच.

आमचं खरं जमलं ते तांदळावरून. उंची साके करताना तांदळाचा दाणा घासून घासून अर्ध्याहून कमी करतात, असं तिने सांगितलं तेव्हा माझ्या जिवाला लागलं. "अर्धा तांदूळ फेकून देतात?"

"फेकत नाही, काकू. त्या पिठाच्या कुरकुरीत चकत्या करतात, गुरांनाही घालतात."

"मग ठीक आहे," मी म्हणाले, आणि त्यानंतर मन लावून ऐकायला लागले.

आता मुख्य गोष्ट. यात चूक माझी आहे, हे आधीच सांगून ठेवते.

साकेच्या ज्या दुकानात ती आठवड्यातून दोन दिवस मदत करायची, तिथली मालकीण साठीची जपानी बाई, अगदी मोजकं बोलणारी. तिने हिला सांगितलं, सोळा पाहुण्यांसमोर एक संध्याकाळ तू एकटीने चालव. सहा साके, सहा घास. जमलं तर कायमची नोकरी. त्याच आठवड्यात क्रॉयडनच्या एका ऑफिसातूनही तिला बोलावणं आलं होतं. तेच कॉम्प्युटर, तशीच खुर्ची. त्यांना सोमवारपर्यंत उत्तर हवं होतं, आणि चाखण्याचा कार्यक्रम शनिवारी.

सहावी बाटली खास होती. बहुतेक साके गरम करून मग बाटलीत भरतात. हिला तशी आच लावलेली नव्हती. "कच्च्या दुधासारखी आहे समजा," ती म्हणाली. "थंडीतून बाहेर काढली की बदलायला लागते. आणि ही एकच आलीय." तिच्या छोट्या फ्रिजचं दार नीट लागत नव्हतं, म्हणून ती बाटली आमच्या फ्रिजमध्ये, सगळ्यात खाली. बाटलीच्या गळ्यात तिने चिठ्ठी बांधली होती: "थंडच."

ते गौरींचे दिवस होते. गुरुवारी दुपारी मी पुरण शिजवून फ्रिजमध्ये ठेवायला गेले आणि दार उघडं धरून उभी राहिले. वरच्या कप्प्यात गौरीचा नैवेद्य, खाली दारूची बाटली. माझ्या हातून तो डबा आत जाईना. ती दुकानात होती. फोन करायला हवा होता. केला नाही. लंडनमधली बागेतली शेड म्हणजे थंडच की, असं मी स्वतःला पटवलं आणि बाटली तिथे नेऊन ठेवली.

ते दोन दिवस नेमके कडक उन्हाचे निघाले. घरात सवाष्णी, हळदीकुंकू, ताटं. मला आठवण झाली ती शनिवारी सकाळी, गौरींना निरोप दिल्यावर. शेडचा पत्रा तापलेला होता. बाटली हातात घेतली तर कोमट.

आणि मी काय केलं? ती पुसली, चिठ्ठी सरळ केली आणि परत फ्रिजमध्ये ठेवली. दुपारी तिने बाटली बाहेर काढली तेव्हा ती छान गार होती. "थँक्यू हं, काकू," ती म्हणाली.

मागे ओळखीचं एक तोंड बसलेलं असू दे, म्हणून तिने मलाही बोलावलं होतं. तिने दिवसभर काही खाल्लं नव्हतं, म्हणून मी गौरीच्या जेवणातल्या अळूवड्या डब्यात घेतल्या. मेट्रोपॉलिटन लाइनच्या गाडीत आम्ही शेजारी बसलो. तिच्या मांडीवर बाटलीची थंड पिशवी, माझ्या मांडीवर डबा. फिंचली रोड सोडल्यावर गाडी बोगद्यात शिरते. बोगदा यायच्या आधी सांगून टाकायचं, असं मी ठरवलं.

"अगं, तुझी बाटली दोन दिवस फ्रिजमध्ये नव्हती."

"मग कुठे होती?"

"शेडमध्ये."

"शेडमध्ये? पण का, काकू?"

"पुरण होतं. नैवेद्य. त्याच्या शेजारी दारू..."

बोगदा आला. खिडकीच्या काचेत मला तिचा चेहरा दिसत होता. "अरे बाप्पा," ती हळूच म्हणाली. मग विचारलं, "आणि परत आत कधी ठेवली?"

"आज सकाळी."

"म्हणजे माझ्यापासून लपवलंत."

"हो."

शाळा सुटल्यापासून मला असं कुणी तोंडावर विचारलं नव्हतं. बेकर स्ट्रीटला दार उघडलं तेव्हा ती उठली. "चला. आधी वास, मग मत." बोट नाकाच्या शेंड्यावर गेलं.

दुकानाच्या तळघरात पाहुणे यायच्या आधी तिने बाटली उघडली. मीसुद्धा हुंगलं. खरबूज गेलं होतं. रात्रभर आंबवलेल्या पिठावरचं झाकण काढावं, तसा वास येत होता. बरोबर द्यायला कच्च्या शिंपल्याच्या पातळ चकत्या मांडून ठेवल्या होत्या.

"याच्यापुढे शिंपला बिचारा मरून जाईल," ती म्हणाली.

"तो मेलेलाच आहे," माझ्या तोंडून निघून गेलं.

तिने माझ्याकडे पाहिलं आणि ती हसली. त्या दिवसातलं पहिलं हसू. मग म्हणाली, "डब्यात काय आहे?"

"अळूवड्या. अकरा."

"अकराच?"

"एक तुझ्या काकांनी खाल्ली."

तिने सुरी मागितली. अर्धी वडी खाल्ली, डोळे मिटले, एक घोट घेतला, गालात फिरवला, थुंकली. पुन्हा वडी, पुन्हा घोट. चिंच, गूळ, तीळ, आणि त्यावर ते आंबूस, जाडसर झालेलं साके. या वेळी ती थुंकली नाही. इतक्या दिवसांत मी तिला पहिल्यांदाच गिळताना पाहिलं.

पाच पेले ठरल्याप्रमाणे झाले. सहाव्याला तिने पाहुण्यांना खरं तेच सांगितलं: ही बाटली जशी असायला हवी होती तशी आता नाही, हॅरोमध्ये एक देवी पाहुणी आली होती, तिच्यामुळे हिला दोन दिवस बागेतल्या शेडमध्ये काढावे लागले, आता हिच्याबरोबर काय खायचं ते आपण शोधू. लोक हसले. वड्या वाटल्या गेल्या. मग तळघर एकदम शांत झालं, चांगलं जेवताना होतं तसं. एका गृहस्थांनी पेला पुन्हा पुढे केला.

मालकीणबाईंनी वास घेतला, चाखलं, आणि उठून माझ्याजवळ आल्या. त्या इंग्रजीत सावकाश बोलत. "आमच्याकडे देवापुढे पहिला पेला हिचाच ठेवतात. तुमच्या देवीने हिला बाहेर का काढलं?"

"देवीने नाही, मी काढलं," मी म्हणाले.

त्यांनी मान हलवली. मग तिच्याकडे वळून म्हणाल्या, "बाटली बिघडली आहे. ही मी विकणार नाही." मी रिकाम्या डब्याचं झाकण लावलं. "बिघडलेली बाटली ओळखणारे मला पुष्कळ मिळतात," बाई पुढे म्हणाल्या, "तिला जेवायला काय द्यायचं हे कळणारी मिळत नव्हती. सोमवारी दहाला ये."

परतीच्या गाडीत ती माझ्या खांद्यावर डोकं ठेवून झोपली. तोंडाला चिंचेचा आणि साकेचा वास येत होता. मी अजिबात हलले नाही. क्रॉयडनला तिने सोमवारी फोन केला, तो नाही म्हणायला.

आता ती एडिंबरात असते. दुकानाची तिथली शाखा तीच चालवते. वरची खोली रिकामी आहे. जाताना बरण्या ठेवून गेली. मी खिडकी उघडायला जाते तेव्हा एखादी हुंगून पाहते. ओला पुठ्ठा मला अजून ओळखता येत नाही.

यंदा गौरींच्या आधी तिच्याकडून थंड पेटीतून एक बाटली आली, गळ्यात तीच चिठ्ठी. मी पुरणाचा डबा वरच्या कप्प्यात ठेवला आणि बाटली खाली, तिच्या जागेवर. आजोबांनी मागून विचारलं, "शेडमध्ये नेऊ का?" मी त्यांच्याकडे नुसतं पाहिलं. तीन दिवस ती दोन्ही एकाच फ्रिजमध्ये राहिली, आणि गौरी नेहमीसारख्याच आनंदात घरी गेल्या.

बाटली अजून उघडलेली नाही. ती स्वतः दिवाळीला येणार आहे. पहिला वास तिने घ्यायचा.