कॅमेऱ्यापुढचे राजे

आमच्या चाळीतल्या राजांना एकच वाक्य दोनदा सारखं बोलता येत नसे. दूधवाल्याला "उद्या अर्धा लिटर" सांगायचं तरी एक दिवस विनवणी, दुसऱ्या दिवशी हुकूम. राजे म्हणजे कोणी संस्थानिक नव्हेत. डिलाईल रोडला माझ्या शेजारच्या खोलीत राहणारे, गिरणी बंद पडल्यावर घरी बसलेले कामगार. दशावतारात जन्मभर राजा झाले, म्हणून राजे.

दशावतारात लिहिलेलं काही नसतं. आधी कथा ठरते, मग ज्याने त्याने सुचेल ते बोलायचं आणि पद गायचं. राजांचं गाणं असं, की गावच्या जत्रेत माझे यजमान त्यांच्यासाठी रात्रभर जागायचे. मी झोपायचे.

शूटिंगवाल्यांनी त्यांना आधी दोनदा नेलं होतं. पहिल्या सिनेमात नुसता तलवार धरलेला हात दिसला. "हात माझोच," असं ते सगळ्या मजल्याला सांगत फिरले. दुसऱ्यांदा एका मालिकेत भर दरबारात गायले. गाणं कापलं. राजा जांभई देतो तेवढं ठेवलं.

मग घशात गाठ निघाली. ऑपरेशन करावंच लागेल, आवाज राहील याची खात्री नाही, असं डॉक्टर म्हणाले. त्याच सुमारास दादरच्या एका पोरीने दशावताराची फिल्म करायला घेतली. राजे मला म्हणाले, "वयनी, गळो जाऊच्या आधी एक पद तरी मागे रवाक होया." त्यांच्या घरात दुसरं कोणी नाही, म्हणून डबा घेऊन मी बरोबर गेले.

प्रसंग राजा-राक्षसाच्या लढाईचा. पहिल्या खेपेला राजांनी राक्षसाला झापून झापून मारलं. पोरगी खूश. म्हणाली, "काका, सुंदर! आता हेच जवळून घेऊ. अगदी तेच बोला."

राजांनी राक्षसाला माफ केलं.

"अहो काका, मघाशी मारलंत ना त्याला!"

"मघाशी तो माजलेलो होतो. आता बघ, घामान निथळता. माका दया इली."

तिसऱ्या खेपेला त्याला जावई करून घेतलं. राक्षस झालेला माणूस वडाळ्याचा टॅक्सीवाला. तो वैतागला. "राजेनु, मी मरू काय लगीन करू? एक काय ता ठरवा."

पोरीने शेवटी स्पष्ट सांगितलं, "काका, हे तुकडे एकमेकांना जुळत नाहीत. दर खेपेला तेच बोलणार नसाल, तर तुमचा प्रसंगच गाळावा लागेल." राजे घाबरले. कोपऱ्यात बसून वाक्यं पाठ केली. मग शाळेत कविता म्हणणाऱ्या पोरासारखे हात खाली सोडून बोलले. पदही तसंच मेलेलं गायले.

मी म्हटलं, "भावजी, यापेक्षा जांभई बरी होती."

राजे भडकले. पोरीला म्हणाले, "तर मग एकदाच! मधी थांबवलंस, तर मी चल्लंय घराक!" तिनेही कपाळाला हात लावला आणि तिन्ही कॅमेरे एकदम चालू केले. "करा काय करायचं ते."

भर पदात कोणाचा तरी मोबाईल वाजला. राजे सुरातच राक्षसाकडे वळले, "घे, तुझ्या आवशीचो फोन. शेवटचा बोलान घे." राक्षसाने हात फोनसारखा कानाला धरून खरंच आईचा निरोप घेतला. सगळे हसले. पण त्यानंतर राजांनी पद असं उचललं, की हसणाऱ्यांना तोंडं मिटावी लागली. या खेपेला मीही जागी होते.

फिल्म झाली. पद अख्खं आहे, मोबाईलसकट. ऑपरेशनही झालं. आवाज गेला तो गेलाच, आता नुसती कुजबुज. मला वाटलं, हे खोलीत कुढत बसतील आणि मला रोज समजूत काढावी लागेल. मला ते जमत नाही.

तसं काही झालं नाही. दुपारी माझ्या दारात पाटावर बसतात आणि फिल्म लावलेला मोबाईल डब्याला टेकवून उभा करतात. त्यातला राजा गातो, दटावतो. हे कुजबुजत राक्षसाची उत्तरं देतात, रोज नवी. राजा आपला ठरलेलंच बोलत राहतो, त्यामुळे बिचारा अडकतो.

काल राक्षस जिंकला.